चौदा लिंबं आणि बारा बाटल्या

नेवाशाच्या अड्ड्यावर मोटारीच्या टपावर माझी ट्रंक चढली, तिच्यावर लिंबांचं पोतं. लढाईमुळे नवऱ्याला पुण्याच्या दारूगोळ्याच्या कारखान्यात काम लागलं होतं. धाकटा भाऊ रत्नाकर खालून ओरडला, "आक्का, सरबत खपलं तर झाडं ऱ्हातील. न्हाई तर औंदा ऊस लावनार. मंग रडायचं न्हाई!"

"रडाया मला येळ हाय का?" मी म्हटलं आणि मोटार सुटली.

बांधाकडेची ती चौदा लिंबाची झाडं आईने घागरीने पाणी घालून जगवलेली. माझी आजी मिशनच्या बंगल्यावर स्वयंपाकाला होती. सरबत ती मडमेकडून शिकली. मडम पाक चुलीवर करायची. आमच्याकडे एवढं जळण कुठलं? आजीने रस आणि साखर बरणीत भरून, तोंडाला फडकं बांधून, बरणी आठ दिवस उन्हात ठेवायला सुरुवात केली. रसाच्या दुप्पट साखर. हे माप आईनेही कधी मोडू दिलं नाही. "साखर कमी पडली की त्याची ताडी व्हती," ती म्हणायची.

पुण्यात कारखान्याच्या कँटीनवाल्याने बारा बाटल्या नमुन्याला मागितल्या. पसंत पडल्या तर उन्हाळाभर घेणार होता. पण साखर रेशनवर. घरातली सगळी ओतली तरी निम्मं माप भरेना, आणि लिंबं सुकायला लागलेली. उरलेल्या मापाला मी गूळ घातला. खोलीपुढच्या ओट्यावर ऊन यायचं जेमतेम दोन तास. सगळं कळत असूनही मी बाटल्या भरल्या, बुचं ठोकली आणि पाठवल्या.

चौथ्या दिवशी कँटीनवाला म्हणाला, "बाई, तुमची बुचं छपराला लागतायत. दारूगोळा इथं पुष्कळ आहे, घरून कशाला आणता?" सगळे हसले. मी बाटल्या गोळा करून आणल्या आणि घरी कळवलं, पुण्याच्या लोकांना चव आवडली नाही.

रत्नाकरने झाडं तोडली. त्याला मी बोल लावत नाही. उसावर त्याच्या घराला पत्रे आले. पण तिकडे राहिलेल्यांनो आणि माझ्यासारख्या इकडे आलेल्यांनो, सांगा, राग कुणावर काढायचा? शिवारभर ऊस उभा, त्याची साखर पलटणींना, आणि चौदा झाडं वाचवायला मला चार शेर साखर मिळाली नाही.

लढाई संपल्यावर माहेरी गेले ती मंडईतली लिंबं पिशवीत घेऊन. आईने एक चिरून चाखलं. "पानचट हायेत," म्हणाली. मग माझ्याकडे न बघता, "तवा गूळ घातला व्हतास ना?"

"व्हय."

"मला वाटलंच. रत्नाकरला न्हाई बोलले. पन तुला अक्कल न्हाई? मला इचारायचं न्हाई? चौदा झाडं, बाई, चौदा!"

पुरता अर्धा तास ती बोलत राहिली. पुण्यात मला इतकं हक्काने कुणी रागवत नाही. माहेर म्हणून आता तेवढंच उरलंय. ते ऐकायला मी दर वर्षी मोटारीचं तिकीट काढते.