चोर न सापडलेली रहस्यकथा

काळा कोट घालून, गळ्याला पांढरे बँड बांधून कादंबरी लिहिणारा माणूस अख्ख्या नाशकात एकच आहे, आणि त्याचं अक्षर लागणारी बाईही एकच. ती मी. कोर्टाच्या आवारात टाइपरायटर मांडून मी पंचवीस वर्षं आमच्या वकीलसाहेबांचे अर्ज बडवले. सत्तरी आली तशी त्यांनी वकिली सोडली. मीही टाइपरायटर माळ्यावर टाकला, घरी कॉम्प्युटर घेतला आणि सुटले एकदाची, असं समजून बसले. आठच दिवसांनी साहेब दारात उभे. बगलेत लाल फितीची फाइल. "बाई, कादंबरी आहे. तीन प्रती काढा. एक प्रकाशकाला, एक मला, एक अशिलाला." कादंबरीला कुठलं आलंय अशील! जुनी सवय, म्हणून मी हसून सोडून दिलं.

तशी त्यांची वकिली सुटली ती नावालाच. मखमलाबादहून भाजी आणणाऱ्या आजींना ते बाजारात उभ्याउभ्या विचारतात, "ही मेथी आज पहाटेची आहे, हे तुम्ही स्वतः पाहिलंत की कुणाकडून ऐकलंत?" आजी म्हणतात, "म्या सोता उपटलीय भाऊ. घ्यायची तर घ्या, नायतर पुढं सरका." मग साहेब "साक्ष विश्वासार्ह आहे" असं पुटपुटत चार जुड्या घेतात. घरी वहिनींनी पंखा दुरुस्त करायला सांगितला की पुढची तारीख मागतात. वहिनी ती देतात, पण कॅलेंडरवर लिहून ठेवतात.

कादंबरीचं काय सांगू! नायिकेचं घर वाचकाला दाखवायचं, तर आधी चतुःसीमा: पूर्वेस सार्वजनिक रस्ता, पश्चिमेस शेजाऱ्याचा गोठा. प्रेमाचा प्रसंग असा, की 'नायिकेने आपला हात नायकाच्या हातात अक्कलहुशारीने, राजीखुशीने व कोणाच्याही दडपणाविना दिला. त्या समयी दोन साक्षीदार हजर होते.' मी म्हटलं, "साहेब, अशा वेळी साक्षीदार कशाला?" ते म्हणाले, "उद्या ती नाही म्हणाली तर?"

गोष्ट मात्र बरी होती. द्राक्षांच्या पॅकहाउसमधली तिजोरी फुटते, आळ येतो टेम्पो ड्रायव्हरवर, आणि नायक, जो अर्थातच वकील आहे, तो तिथल्या वॉचमनची उलटतपासणी घेतो. ती चालते चाळीस पानं. वॉचमन पाणी मागतो, खुर्ची मागतो, शेवटी खोटं बोललो असं कबूल करतो. ड्रायव्हर निर्दोष सुटतो आणि कादंबरी संपते. मी शेवटचं पान उलटून पाहिलं. मागे कोरं. "साहेब, चोर कोण?"

"चोर शोधणं पोलिसांचं काम, बाई. आपण आपल्या माणसापुरतं बघायचं."

प्रकाशकाचंही माझ्यासारखंच म्हणणं पडलं. भाषा गमतीदार आहे, छापतो, पण चोर सापडलाच पाहिजे. आणि तो ड्रायव्हरच निघाला तर वाचक चाट पडतील. पुस्तक निघावं ही साहेबांची केवढी हौस, ते मला ठाऊक होतं. मागच्या पानासाठी कोटातला फोटोही त्यांनी काढून ठेवला होता. म्हणून मीच शहाणपणा केला. ड्रायव्हरचा कबुलीजबाब एका पानात टाइप करून त्यांच्यापुढे ठेवला.

साहेबांनी तो वाचला. मग कोट काढून खुर्चीच्या पाठीवर टाकला.

"हा ड्रायव्हर खरा आहे, बाई. पिंपळगावचा. माझी पहिली केस. त्यानं काही केलं नव्हतं. वॉचमन खोटं बोलतोय हे मला दिसत होतं, पण उभा राहिलो आणि घाबरलो. एकच प्रश्न विचारला आणि खाली बसलो. तीन वर्षं आत होता तो."

माझं पान मी फाडलं. साहेबांनी प्रकाशकाला नकार कळवला. फोटो अजून त्यांच्या टेबलाच्या खणात आहे.

तिसरी प्रत घेऊन आम्ही दोघं एसटीने पिंपळगावला गेलो. म्हातारा ड्रायव्हर ओसरीवर बसला होता. डोळ्यांना फारसं दिसत नाही, म्हणून वाचलं मी. साहेब कोट, बँड घालून शेजारी उभे. बसा म्हटलं तरी बसेनात. वॉचमनची चाळीस पानं म्हाताऱ्यानं मांडी थोपटत ऐकली. "लय घाम फोडला सायेब त्याला," म्हणून मनापासून हसला. निकालाचं पान आलं तसा मात्र तो हात जोडून उठून उभा राहिला. वाचून संपल्यावर त्यानं साहेबांच्या दिशेनं तोंड केलं.

"म्हंजे सुटलो ना मी, सायेब?"

उभा जन्म कोर्टात बोलण्यात घालवलेला माणूस नुसता कोटाची गुंडी चाचपत राहिला. शेवटी मीच म्हटलं, "सुटलात, भाऊ. बसा आता."

मग दोघंही बसले.