काश्यपगोत्री इंग्रज

सहा वर्षांपूर्वीची महालय अमावास्या, सकाळचे अकरा. नजरबादच्या आमच्या घरात मी एका इंग्रजाच्या श्राद्धाचे वडे तळत होते.

इंग्रज आमचा कोणी नव्हे. आम्ही भावसार, पणजोबांच्याही आधीपासून म्हैसुरात, धंदा कापड रंगवायचा. अप्पा मात्र कॉलेजात इंग्रजी शिकवायला लागले आणि तिथे त्यांना हा गृहस्थ भेटला. (म्हणजे पुस्तकात. त्याला जाऊन साडेतीनशे वर्षं झाली होती.) सतराव्या शतकात तो पायी हिंदुस्थानात आला, एक प्रवासवर्णन लिहिलं आणि कुठल्याशा बंदरात हगवणीने गेला. बायको नाही, मूल नाही. अप्पा तीस वर्षं त्याचं चरित्र लिहीत होते. लहानपणी आम्हाला ताप आला की ते म्हणायचे, "त्याला इस्फहानात याच्या दुप्पट ताप होता, तरी चालत राहिला!" आई म्हणायची, "मग काढा त्यालाच पाजा!"

अखेर चरित्र पुरं झालं. मी सहा महिने बसून ते टाइप केलं. बेंगळुरूचा एक प्रकाशक तयार झाला, तोही फक्त सातव्या प्रकरणामुळे. इंग्रजाने लिहिलं होतं की नीळ घातलेल्या पिंपातून कापड निळंशार बाहेर येतं. आता रंगाऱ्याच्या घरातलं शेंबडं पोरही सांगेल की ते हिरवट निघतं आणि वारा लागला की मग निळं होतं! अप्पांनी शोध शोध शोधलं. त्याच्या आधीच्या एका प्रवाशाच्या पुस्तकात हीच चूक, हीच वाक्यं! आमच्या इंग्रजाने पिंप पाहिलंच नव्हतं. चुकीसकट कॉपी! परीक्षेत पोरं करतात तशी. आजवर हे एकाही विद्वानाच्या लक्षात आलं नव्हतं, कारण एकाही विद्वानाचा आजा रंगारी नव्हता.

प्रकाशकाला अमावास्येच्या दुसऱ्याच दिवशी सगळं हवं होतं आणि अप्पांनी ऐन वेळी कच खाल्ली.

"तीस वर्षं राहिलो गं त्याच्याबरोबर. आता चारचौघांत चोर म्हणू?"

"अप्पा, तो चोर होता."

"होता. पण उत्तर द्यायला नाही ना तो! आधी त्याला जेवू घालू. तो जेवला की प्रकरण पाठवू."

महालयाला निपुत्रिकांनाही पान वाढतात, त्यामुळे शास्त्राची अडचण नव्हती. आचार्य कन्नड, त्यांनी शांतपणे विचारलं, "गोत्र?" अप्पांनी मान हलवली. "गोत्तिल्वा? माहीत नाही? मग काश्यप!" गोत्र माहीत नसलेल्यांचं ते ठरलेलंच. "वडिलांचं नाव?" अप्पांनी सांगितलं. "आजोबांचं?" अप्पा खुलले. "आजोबांबद्दल दोन मतं आहेत." आचार्य म्हणाले, मंत्रात एकच मत बसतं.

गच्चीवर दोन पानं मांडली. एक आमच्या पितरांचं, एक इंग्रजाचं. पितरांच्या पानावर सगळं साग्रसंगीत. इंग्रजाने पुस्तकात तिखटाबद्दल पाऊण पान तक्रार केली होती, म्हणून त्याला नुसता भात, दही आणि उकडलेला भोपळा. कावळा आला, पितरांचं पान फस्त करून पाण्याच्या टाकीवर जाऊन बसला. दुसऱ्या पानाकडे त्याने ढुंकूनही पाहिलं नाही.

दहा मिनिटं गेली. वीस गेली. शेजारच्या गच्चीवरून विमलाम्मांनी विचारलं, "इन्नू बरलिल्वा?" अजून आला नाही? त्यांच्याकडची जेवणंसुद्धा झाली होती!

अप्पांची थोरली बहीण, आमची आत्या, पुढे झाली. "बा रे सायबा, बा! जेवून घे. तुला काय पाहिजे ते माझा भाऊ वेंकू देईल."

"अक्का, त्याला मराठी येत नाही."

"मग तू सांग की तुझ्या इंग्लिशात! अय्यो, एवढं शिकून काय उपयोग?"

अप्पा इंग्रजीत बोलले. तेही सतराव्या शतकातलं, कावळ्याला परकं वाटू नये म्हणून! पुस्तकात तुझ्या प्रवासाचा नकाशा घालीन म्हणाले. अर्पणपत्रिका तुझ्या नावाने करीन म्हणाले. धोतर नेसून, हात जोडून, टाकीवरच्या कावळ्याशी अदबीने इंग्रजी बोलणारे अप्पा मला अजून दिसतात. कावळ्याने पाठ फिरवली.

"त्याचा आक्षेप आहे," अप्पा म्हणाले.

"त्याला भोपळा आवडत नाही," मी म्हणाले.

"तो जेवल्याशिवाय मी जेवणार नाही."

इथे मात्र माझं डोकं फिरलं. अप्पांनी सकाळी साखरेची गोळी घेतली होती आणि पोटात अन्नाचा कण नव्हता. साखर भराभर उतरत असणार. मी खाली धावले. ओट्यावर एक वडा होता, अर्धा खाल्लेला. मीच खाल्लेला! (श्राद्धाच्या स्वयंपाकाची चव बघायची नसते, ठाऊक आहे. पण पहाटे पाचपासून तळणारीला कोणी विचारलंय?) तो पदराआड घेऊन वर आले, वरून तिखट चटणी थापली आणि सगळे कावळ्याकडे बघत असताना हळूच दह्याला टेकवून ठेवला.

त्याच क्षणी अप्पांचा आवाज आला, घोगरा.

"बरं बाबा. मी सातवं प्रकरण काढून टाकतो."

कावळा झेपावला, पानावर उतरला, चोच मारली!

"शिवला! शिवला!" आत्या नाचायचीच बाकी होती. विमलाम्मांनी टाळ्या वाजवल्या. अप्पांच्या डोळ्यांत पाणी. "बघ इंदू! एवढंच हवं होतं त्याला."

त्याला वडा हवा होता. पण हे सांगायचं कोणत्या तोंडाने? श्राद्धाच्या पानावर उष्टं वाढलं म्हटलं असतं, तर आत्याने मला त्याच गच्चीवरून काश्यप गोत्रात पाठवलं असतं. आणि न सांगावं, तर अप्पांच्या आयुष्यातला एकमेव शोध, माझ्या उष्ट्यापायी, जगाला कळायच्या आत संपला!

अप्पा तृप्त होऊन दोनदा पायस घेऊन जेवले. "इंदू, सातवं काढ हं. मी शब्द दिलाय."

"हो अप्पा," मी म्हणाले.

दुसऱ्या दिवशी सकाळी आत्या दसऱ्यात मांडायच्या बाहुल्या पुसत होती, तेव्हा मी कॉम्प्युटर लावला. विचार केला, शब्द अप्पांनी दिलाय, मी नाही. सातवं प्रकरण पुस्तकातून काढलं, शेवटी 'परिशिष्ट' म्हणून जोडलं, 'मी' होतं तिथे 'आमचे अप्पा' घालावं तर अप्पांचा शब्द मोडत होता, म्हणून 'मी' तसंच ठेवलं आणि खाली माझं नाव टाकलं. प्रिंट काढून कुरिअरला देऊन आले.

परत येताना रिक्षात लक्षात आलं. एका इंग्रजाने दुसऱ्याची पानं उचलून स्वतःच्या नावावर खपवली, हे मी नुकतंच जगापुढे आणलं होतं. दुसऱ्याची पानं उचलून, स्वतःच्या नावावर खपवून!