चौकोनाखालची अक्षरं

दादांच्या मोतीबिंदूचं ऑपरेशन शिरूरला करायचं ठरलं, तेव्हा डोळा बरा होईपर्यंत आमच्याकडेच राहा, असं मीच आग्रहानं म्हणालो. दादा म्हणजे माझे थोरले भाऊ. ते आणि वहिनी खुटबावला असतात. मी नोकरीमुळं शिरूरला घर केलं, त्यामुळं माझ्या वाटणीचं रानही तेच करतात. आग्रह करताना मला स्वतःचं थोडं कौतुक वाटत होतं, हे आधीच सांगून टाकतो.

ऑपरेशन नीट झालं. काळा चष्मा लावून दादा हॉलमधल्या दिवाणावर पडून राहायचे. वहिनी गावातल्या बायकांचा बचत गट चालवतात आणि त्याचा सगळा कारभार मोबाईलवर असतो. आमच्या घरात रेंज धड येत नाही, म्हणून त्यांनी वायफायचा पासवर्ड विचारला.

"द्या इकडं, मी टाकतो," मी हात पुढं केला.

घरी कुणीही आलं की मी हेच करतो. पासवर्ड तोंडानं कधी सांगत नाही. फोन हातात घेतो, जरासा वळून उभा राहतो आणि टाकून देतो. बायकोच्या फोनमध्येही मीच टाकलाय. लोकांना वाटतं, माणूस काटेकोर आहे.

खरं कारण वेगळं होतं. दोन हंगामांपूर्वी आम्हा दोघांचा ऊस एकदमच तोडीला आला होता. कारखान्याच्या माणसांशी ओळख होती ती दादांची. तोडणीची टोळी आली, त्यांच्या रानात शिरली, आणि माझा ऊस बांधापलीकडं उभाच राहिला. उसाला तुरे आले, मग उन्हं वाढली, वजन गेलं. मी दादांना काही विचारलं नाही आणि त्यांनीही काही सांगितलं नाही. त्याच उन्हाळ्यात शिरूरच्या घरी वायफाय बसवलं. जोडणाऱ्या माणसानं पासवर्ड काय ठेवू म्हणून विचारलं. मी त्याच्या हातातून फोन घेतला आणि इंग्रजी अक्षरांत लिहिलं, दादानं घात केला. मधे जागा न सोडता, पुढं एक दोन तीन. लिहिल्यावर फार बरं वाटलं होतं.

राग पुढं निवला. दिवाळीला खुटबावला जाऊन मी दादांच्या शेजारी बसून जेवलो. बोटांना मात्र ती अक्षरं पाठ झाली होती. टाकताना त्यांचा अर्थही मनात येईनासा झाला. कधी आला, तर वाटायचं बदलून टाकू. मग घरातल्या सगळ्या फोनांत परत टाकावा लागेल म्हणून राहून जायचं. याला मी आळस म्हणायचो.

वहिनींनी फोन माझ्या हातात दिला नाही. "तुमी कशाला तरास घेताय, भाऊजी? आमच्या गटातल्या बाया करत्यात तसं करते. तुमचाच फोन आणा."

माझ्या फोनच्या सेटिंगमध्ये जाऊन त्यांनी वायफायचं नाव दाबलं, मग शेअर दाबलं आणि फोन माझ्यापुढं धरला. "अंगठा लावा."

मी लावला. मला वाटलं, दुकानात असतो तसा ठिपक्यांचा चौकोन येईल, त्यांचा फोन त्याच्यावर धरला की झालं काम. चौकोन आलाही. त्याच्याखाली स्वच्छ अक्षरांत पासवर्ड लिहिलेला होता. आपल्याच फोनात तो असा दिसतो, हे मला माहीत नव्हतं. वहिनींनी आपला फोन चौकोनावर धरला.

"लागलं का?" दादांनी पडल्या पडल्या विचारलं.

"लागलं."

"मग मला बी सांग. माझं मी टाकतो. एक डोळा हाय की अजून."

वहिनी चौकोनाखाली बोट ठेवून वाचायला लागल्या. "डी. ए. डी. ए. एन..." बोट थांबलं. ओठ तेवढे हलत राहिले. मी भिंतीवरच्या कॅलेंडरकडं बघत होतो.

"पुढं?"

"पुढं लई लांबलचक हाय. आणा तो फोन, मी करते. डोळ्याला ताण नगं."

"बघ," दादा मला म्हणाले, "शिरूरला आल्यापास्नं सगळी सत्ता हिचीच."

मी हसलो. तसं हसता आलं, याची अजून लाज वाटते.

वहिनी चहा ठेवायला गेल्या, तसा मी त्यांच्यामागं स्वयंपाकघरात गेलो. "वहिनी, ते जुनंय," एवढंच सुचलं.

"मोबाईलमधी तर आजचंच हाय," त्या चहा गाळत म्हणाल्या. "मी न्हाई सांगायची त्यास्नी. पण त्यांच्या डोळ्यात थेंब तुमी घालता, भाऊजी. तुमचं तुमी बघा."

दुपारी थेंब घालायची वेळ झाली. दादांनी चष्मा काढून मान मागं टाकली. मी एका हातानं त्यांची पापणी धरली, दुसऱ्या हातात बाटली होती. तसंच सांगितलं. पासवर्डचे शब्दही जसेच्या तसे सांगितले.

ते हलले नाहीत. "उसाच्या वक्ताचं?"

"हो."

"मला वाटलं हुतं, माझं झालं की टोळी तुझ्याकडं वळंल. ती गेली निघून. मग तुला काय सांगावं, म्हणून गप बसलो." त्यांचा डोळा वर, माझ्याकडंच होता. "अजून तसंच वाटतंय का तुला?"

लगेच नाही म्हणायला हवं होतं. मी ते नाही आतमध्ये शोधत राहिलो, आणि सापडेपर्यंत बाटलीच्या टोकाचा थेंब सुटून त्यांच्या गालावर पडला.

"नाही वाटत," मी म्हणालो.

"बरं. आता डोळ्यात घाल," दादा म्हणाले.

संध्याकाळी मी पासवर्ड बदलला. आतून वहिनींचा आवाज आला, "भाऊजी, नेट गेलं." मी हॉलच्या मधोमध उभा राहून नवा पासवर्ड मोठ्यानं, एकेक अक्षर करत सांगितला. खुटबावच्या आमच्या रानाला वडील ज्या नावानं हाक मारायचे, तेच नाव ठेवलं होतं. दादांनी फोन डोळ्याजवळ नेऊन स्वतःच टाकला. एकदा चुकला, परत टाकला.

"लागलं," ते म्हणाले. बराच वेळ त्यांनी मान वर केली नाही.