पडणाऱ्याचं काम

हरण्याच्या बाबतीत आमच्या वेलचेरीच्या घरमालकांचा हात धरणारा माणूस मी अजून पाहिलेला नाही. लोक निवडणुका हरतात, खटले हरतात, पत्त्यांत हरतात. पण ते हरणं हौशी. जिंकायचा प्रयत्न फसला की जे उरतं ते. आमचे घरमालक व्यवसायाने हरत. चेन्नईच्या आसपास प्रदर्शनाच्या मैदानात, कॉलेजच्या महोत्सवात, एखाद्या पुढाऱ्याच्या वाढदिवसाला, जिथे म्हणून दोरखंडांचा चौकोन बांधून अमेरिकन पद्धतीची कुस्ती दाखवायची टूम निघे, तिथे ते मुखवटा पिशवीत घालून जात आणि हरून येत. कुठल्या कंपनीचे ते नोकर नव्हते. नादस्वरम वाजवणारे जसे बोलावणं येईल त्या लग्नाला जातात, तसे ते जात. टीव्हीवरचे गोरे धिप्पाड पैलवान बघून तेव्हा पोराटोरांना या प्रकाराचं वेड लागलेलं होतं, त्यामुळे बोलावणीही बरी येत. मुखवट्याची एक सोय होती. राणीपेटच्या एका जत्रेत ते रशियन म्हणून हरले आणि तासाभराने मुखवटा बदलून मेक्सिकन म्हणून पुन्हा हरले. "लोकांच्या लक्षात नाही आलं?" मी विचारलं. "एक म्हातारी म्हणाली, रशियन बरा होता," ते म्हणाले.

बँकेने माझी बदली चेन्नईला केली आणि मी त्यांच्या वरच्या मजल्यावर राहायला गेलो, तेव्हा समोर आलेला तो डोंगर मराठीत बोलेल अशी माझी कल्पना नव्हती. ते तंजावरकडचे मराठी. त्यांची भाषा माझ्या खापरपणजोबांना माझ्यापेक्षा चांगली कळली असती, फक्त मध्येमध्ये येणाऱ्या तमिळने ते अडखळले असते. पहिल्याच दिवशी त्यांनी मला बजावलं, "उदईक टाकी धुवायची आहे. पाणी धरोन ठेवा, सरिया?" 'सरिया' म्हणजे तमिळमध्ये 'बरं का'. कपाळावर विभूती, कान कधीतरी चुरगळून तसेच राहिलेले, मान खांद्यांत गाडलेली, आणि हा माणूस सकाळी तुळशीला पाणी घालताना मुंग्यांची रांग चुकवून पाऊल टाकी. संध्याकाळी गच्चीवर जुन्या गाद्या अंथरून ते पडायचा सराव करत. पाठीवर, कुशीवर, मागून ढकलल्यासारखं, पुढून उचलल्यासारखं. शेजारच्या इमारतीत नव्याने आलेल्या एका बाईंनी कोणी जीव देतंय असं समजून पोलिसांना बोलावलं, तेव्हा घरमालकांनी हवालदारालाही एक साधं पडणं शिकवून पाठवलं.

या धंद्याचं त्यांचं शास्त्र होतं. "जिंकणाऱ्यास काय काम? तो उभाच असतो," ते सांगत. "वर उडायचं, आपटायचं, तोंड वेडंवाकडं करायचं, त्याचं नाव राखायचं, सगळं पडणाऱ्यानं करायचं." लढतीआधी ते प्रतिस्पर्ध्याकडे जाऊन तो जेवला का ते विचारत. नवखा असेल तर दहीभाताचा अर्धा डबा त्याला देत, आणि मग त्याच्याकडून मार खात. ही सवय त्यांच्या अंगात इतकी मुरली होती, की घरीही ते हरत. गाड्या कुठे लावायच्या यावरून आमच्या इमारतीच्या सेक्रेटरींनी एकदा त्यांच्यावर आवाज चढवला. सेक्रेटरी अंगाने उदबत्तीएवढे. पण आमच्या घरमालकांनी असे काही डोळे विस्फारले, अशी काही दोन पावलं माघार घेतली, भिंतीला असे काही टेकले, की सेक्रेटरी पुढचा आठवडाभर छाती काढून जिने चढत होते.

मात्र हे सगळं आधी ठरलेलं असतं का, हे मी त्यांना अनेकदा विचारलं. प्रश्न ऐकूच आला नाही असं करून ते विचारत, "कॉफी घेतां?" त्यांच्या बायकोला, आम्ही सगळे त्यांना मामी म्हणायचो, मी एकदा विचारून पाहिलं. "अय्यो, मलाच सांगत नाहींत," मामी म्हणाल्या. "नवरा खरोखर मार खाऊन आला की नाटक करून आला, हें न कळता मी तेल गरम करते."

शेवटी खरोखरच मार बसला. एका नवख्या पोराने घाईत त्यांना नीट न धरता टाकलं, ते मानेवर आले, आणि डॉक्टरांनी सांगितलं की असं आणखी एकदा पडलात तर हात चालणार नाहीत. ते महिनाभर मानेला पट्टा बांधून झोपाळ्यावर बसले. मग परदेशातल्या भाच्याने त्यांना पॉडकास्ट नावाच्या नव्या गोष्टीबद्दल सांगितलं. रेडिओसारखं बोलायचं आणि ते इंटरनेटवर ठेवून द्यायचं. ज्याला हवं त्याने उतरवून घेऊन कानाला लावायचं. मला ती कल्पना उपयोगाची वाटली नाही. ज्याचं बोलणं समोर बसलेले लोक ऐकत नाहीत, त्याने ते न दिसणाऱ्यांना ऐकवावं, यात मला फारशी प्रगती दिसेना. पण त्यांनी कोठीच्या खोलीला सरावाच्या गाद्या चारी बाजूंनी ठोकल्या आणि संगणक मांडला. उद्घाटनाला सेक्रेटरींनी नारळ फोडला, एकमेकांना शाली पांघरण्यात बराच वेळ गेला, आणि पॉडकास्ट म्हणजे काय हे ठाऊक नसलेल्या तीन वक्त्यांनी त्याच्या भवितव्यावर भाषणं केली. पहिला भाग म्हणून ती भाषणंच इंटरनेटवर गेली. भाच्यानेसुद्धा ती ऐकली नाहीत.

पुढचे भाग मात्र बरे निघू लागले, कारण त्यांना एकट्याने बोलताच येईना. समोर कोणीतरी लागे. म्हणून ते पाहुणे बोलावत आणि वादात त्यांच्याकडून हरत. इडलीचं पीठ किती वेळ आंबवावं यावर मामींकडून हरले, नळ का गळतो यावर प्लंबरकडून हरले. पाहुणा खोलीतून बाहेर येताना दोन इंच उंच झालेला असे.

याच सुमारास माझे वडील आमच्याकडे राहायला आले. नाना मिरजेला रेल्वेत होते, निवृत्त होऊन बरीच वर्षं झाली होती. आई गेली आणि त्यांना एकटं कसं ठेवायचं म्हणून मी त्यांना घेऊन आलो. वेलचेरीत त्यांना दुकानदाराचं कळेना, शेजाऱ्यांचं कळेना, टीव्हीचं कळेना. पण ते गप्प होत गेले याचं खरं कारण ते नव्हतं. आमच्याशीसुद्धा त्यांचं बोलणं आधी 'हो' आणि 'नको' एवढ्यावर आलं, मग नुसत्या मानेवर, आणि पुढे मानही हलेना. जेवण चिमणीएवढं झालं. डॉक्टरांना काही सापडलं नाही. ते खिडकीशी खुर्चीत बसून असत, आणि आई गेली तसे हेही आपल्या डोळ्यांदेखत, काही न बोलता निघून चालले आहेत, हे मला दिसत होतं. घरमालकांनी माझ्याकडे एवढीच चौकशी केली, की तरुणपणी नानांना कशाची आवड होती. तालमीत जात, असं मी सांगितलं.

एका रविवारी सकाळी ते मायक्रोफोन आणि भाच्याने पाठवलेला लॅपटॉप घेऊन वर आले. "खालीं पंप चालू आहे, आवाज येतो. इथे बसोन बोलूं? नाना, तुम्हांस काही काम नाहीं." नानांनी वळूनही पाहिलं नाही. घरमालक त्यांच्यासमोर जमिनीवर बसले, मायक्रोफोन दोघांच्या मध्ये ठेवला आणि गंभीरपणे सुरुवात केली. "आज मिरजेकडच्या कुस्तीविषयी. तिकडचे पैलवान मातीत लढतात. कां? तर सिमेंट महाग." खुर्चीत काही हललं नाही. "त्या मातीत ते मीठ घालतात, समुद्राचं." नानांचा अंगठा खुर्चीच्या हातावर घासला गेला. "त्यांचा मोठा डाव धोबीपछाड. हा बसोन करायचा डाव आहे."

"उभ्यानं."

माझी बायको स्वयंपाकघराच्या दारात होती, ती तिथेच थांबली.

"काय म्हणालांत?" घरमालकांनी निरागसपणे विचारलं.

"उभ्यानं करतात! बसून काय कपडे भिजवायचेत?" नानांचा आवाज गंजलेला होता, पण मोठा होता. "हात धरायचा, खांद्यावर घ्यायचा आणि पाठीवरून आपटायचा. आणि मीठ कसलं घालताय? तेल, ताक, हळद, लिंबू! तुम्ही कधी तालीम पाहिलीये का?"

"नाहीं," घरमालक म्हणाले. "मी फक्त मार खाल्ला आहे."

"मग गप ऐका."

कुकरच्या शिट्ट्या होत राहिल्या, गॅस बंद करायला कोणी गेलं नाही. त्या दिवशी नानांनी भात दोनदा मागितला.

त्यानंतर दर रविवारी घरमालक वर येऊन हरू लागले. कुस्तीनंतर मालगाड्या आल्या, मिरजेची तंबोऱ्याची दुकानं आली, आणि पावसाळ्याच्या अखेरीस एकदा आईच्या हातची आमटीही आली. मस्कतहून एका श्रोत्याने लिहिलं, "त्या आजोबांना उलट उत्तरं देऊ नका, त्यांचंच बरोबर आहे." नाना शनिवारी दाढी करू लागले. एकदा मी भाडं द्यायला खाली गेलो, तर झोपाळ्यावर मातीच्या कुस्तीवरचं एक जाड मराठी पुस्तक पडलं होतं, पानोपानी पेन्सिलीच्या खुणा. एवढ्या बारकाईने अभ्यास करून हा माणूस दर रविवारी नेमका चुकत होता. मी पुस्तकाकडे बघितलं, त्यांच्याकडे बघितलं. "कॉफी घेतां?" ते म्हणाले.

वर्षभराने नाना म्हणाले, मला मिरजेला जायचंय, माझं घर तिथे आहे. आता त्यांना एकटं ठेवायची भीती मला राहिली नव्हती. जो माणूस इतका भांडतो त्याला काय होणार! घरमालक आणि मामी सेंट्रल स्टेशनवर पोचवायला आले, लिंबूभात आणि मुरुक्कूच्या, म्हणजे तिकडच्या चकलीच्या, पुड्या घेऊन. गाडी सुटेपर्यंत फलाटावरून घरमालक, मिरज हे पुण्याच्या उत्तरेला आहे, असं ठासून सांगत होते, आणि नाना खिडकीतून हात नाचवत त्यांना झापत होते.

नानांना सोडायला मी बरोबर निघालो होतो. गाडीने शहर मागे टाकल्यावर नाना शांतपणे म्हणाले, "मुद्दाम चुकतो तो. पहिल्याच दिवशी कळलं मला."

"मग वर्षभर भांडलात कशाला?" मी विचारलं.

नानांनी मुरुक्कूची पुडी सोडली. "एवढा मोठा माणूस, मान मोडलेला, माझ्यासमोर जमिनीवर बसून अंग टाकत होता," ते म्हणाले. "त्याला आपटायचं सोडून मी काय खिडकीतून बाहेर बघत बसणार होतो?"

नाना नंतर बरीच वर्षं मिरजेत बोलत राहिले. आता ते नाहीत. मीही चेन्नई सोडली. घरमालक लेकीकडे कोइमतूरला गेले. पत्र पाठवलं की उलट टपाली त्यांचं उत्तर येतं, माझ्या तब्येतीची चौकशी करणारं. रविवारचे ते भाग माझ्याकडे आहेत आणि अधूनमधून मी ऐकतो. त्यांत नाना अखंड बोलतात, रागावतात, हसतात, आईचं नाव घेतात. दुसरा माणूस जवळजवळ नाहीच. फक्त नाना दम घ्यायला थांबतात तेव्हा त्या शांततेत कुणाचा तरी जड श्वास ऐकू येतो, थांबून राहिलेला. मग नाना पुढे बोलू लागतात.