भूकंपाच्या नावावर

भूकंप झाला. औशाच्या पलीकडच्या गावात माझी बहीण विजया आणि तिचा नवरा गेले. त्यांची मुलगी निलू तीन वर्षांची होती. ती वाचली. मी नांदेडला कॉलेजच्या ग्रंथालयात काम करत होते. निलू माझ्याकडे आली.

हा प्रवास त्यानंतर सात वर्षांनी केलेला, नांदेड ते लातूर आणि परत, तीन दिवसांचा. या रस्त्याचं वर्णन कुणी लिहीत नाही, कारण त्यावर पाहण्यासारखं काही नाही असं सगळे समजतात. मीही समजत होते.

निघण्याचं कारण होतं एक कागद. 'भूकंपाच्या धक्क्याने मूल अबोल झाले आहे' असं त्यावर लिहिलेलं होतं आणि त्याच्या जोरावर निलूला शाळेत घेतलेलं होतं. जानेवारीत मुख्याध्यापकांनी मला बोलावलं. "बाई, कागद जुना झाला. डॉक्टरांकडून नवा करून आणा. नाहीतर जूनपासून पटावर नाव ठेवणं अवघड आहे. पुढं चौथी, स्कॉलरशिपचं वर्ष." निलूचे चुलते बाबूराव लातूरला राहतात. महिन्यातून एकदा तिथे लहान मुलांच्या मनाचे डॉक्टर येतात, असं त्यांनी कळवलं. मी रजा टाकली.

सकाळी साडेसातची एसटी. निलूला डाव्या बाजूची खिडकीच लागते. ती मिळाली तर ती काचेला गाल लावून तासन्‌तास बसते. लोह्याला गाडी भरली आणि एका गृहस्थांनी, पोरीला मांडीवर घ्या म्हणून, तिला हाताला धरून उठवलं. निलू किंचाळली. खाली बसली आणि दोन्ही कान दाबून डोकं सीटवर आपटू लागली.

"पोरीला बाहेरचं काही हाय का?" मागच्या बाई म्हणाल्या. "दर्ग्यावर नेलं का न्हाई?"

"लाडावलेली हाय," गृहस्थ म्हणाले. "दोन ठिवून द्या, गप बसंल."

सात वर्षं मी जे सांगत आले तेच तेव्हाही सांगितलं. "भूकंपातली आहे हो. आईवडील गेले."

गाडी एकदम मऊ झाली. गृहस्थ उठले. मागच्या बाईंनी पिशवीतून पेरू काढून दिला. कंडक्टर म्हणाला, "राहू द्या, बसू द्या लेकराला तिथंच." मला त्या सगळ्यांबद्दल कृतज्ञता वाटली. आज ते आठवलं की चीड येते, त्यांची आणि माझीही. मूल तेच होतं, किंचाळणंही तेच. एका शब्दाआधी ते मार खायच्या लायकीचं होतं आणि शब्दानंतर पेरूच्या.

लोह्याच्या पुढे काळं रान लागतं. करडई फुलली होती, हरभरा गुडघ्याखालीच घाट्यांनी लगडला होता. अहमदपूरला गाडी वीस मिनिटं थांबली. मी स्टँडवर सुशीला (फोडणी दिलेले भिजवलेले मुरमुरे) खाल्ली. निलूनं घरून आणलेला कोरडा भात खाल्ला. ती पांढराच भात खाते. हळदीचा एक ठिपका दिसला तरी ताट सारते. हेही मी धक्क्यातच धरलेलं होतं.

लातूर ओळखू येईना. स्टँडपासूनच पाट्या सुरू झाल्या. पासपोर्ट फोटोंच्या रांगा, प्रत्येक फोटोखाली टक्के. फिजिक्स, केमिस्ट्री, हमखास यश. माझ्या बहिणीच्या घराचे दगड अजून माळावर पडलेले असतील आणि इथे गल्लोगल्ली मजले चढत होते. पाठीवर दप्तर घेतलेली मुलं घोळक्यानं एका क्लासमधून दुसऱ्या क्लासकडे जात होती. रिक्षावाल्यानं निलूकडे पाहून विचारलं, "क्लासलाच आणलं का? आता तिसरीपासून हाय."

बाबूरावांनी खालच्या मजल्यावर मेस काढली होती. रोज साठ डबे. स्वयंपाक शहनाजबी नावाच्या पन्नाशीच्या बाई करत. मागच्या अंगणात धुतलेले डबे आणि झाकणं यांचे दोन ढीग पडलेले होते. डबे एकाच दुकानातले, पण रोजच्या आपटण्यानं प्रत्येकाचा काठ वेगळा वाकलेला. एकाचं झाकण दुसऱ्याला बसत नसे. शहनाजबी रोज तासभर ठोकून ठोकून बसवत आणि तरी मुलांच्या दप्तरात वरण सांडे.

निलू त्या ढिगाजवळ जाऊन बसली. थोडा वेळ नुसती पाहत राहिली. मग तिनं एक झाकण उचललं, त्याच्या कडेवरून बोट फिरवलं, ढिगातून एक डबा ओढला आणि झाकण दाबलं. बसलं. दुसरं उचललं. अर्ध्या तासात साठही डबे तिनं भिंतीशी लावले. एकदाही चुकली नाही.

"या अल्ला," शहनाजबी म्हणाल्या. "माझी आर्धी उमर गेली ह्या झाकनात, आन् ही कोन ग पोरगी?"

तेवढ्यात आतून कुकरची शिट्टी झाली आणि निलूनं कान दाबले. शहनाजबींनी काही विचारलं नाही. आत गेल्या, कुकर उतरवला आणि तेव्हापासून तो पलीकडच्या बोळात स्टोव्हवर ठेवू लागल्या. मी आभार मानले तर म्हणाल्या, "त्यात काय हाय बाई? माझ्या सासऱ्याला मिरचीचा ठसका सोसत नव्हता, तवा मिरची भाईर भाजायची. हिला शिट्टी सोसत न्हाई." निलूशी त्या एका वेळी एकच गोष्ट बोलत. 'हे तिथं ठेव' म्हणत आणि ती ठेवेपर्यंत थांबत. मी ग्रंथालयात आयुष्य काढलेली बाई. मला हे कुणी शिकवलं नव्हतं, आणि मी ते शोधलंही नव्हतं.

"जनमापासून अशीच हाय का?" त्यांनी विचारलं.

"न्हाई, न्हाई," बाबूराव दारातूनच म्हणाले. "भूकंपानं झालंय. आमच्या घराण्यात असलं काई न्हाई." मग डब्यांच्या रांगेकडे बघत राहिले. "ताई, लई कामाची हाय की पोरगी! इथंच ठेवा हिला. शाळेत काय करतीय ती? हितं डबे लावंल, खाऊन-पिऊन राहील."

"दादा, तुमच्या मुलाला गणित येतं म्हणून त्याला कुणी दुकानात बसवलं का? त्याला क्लास लावलात ना?"

"त्याची गोष्ट येगळी हाय."

"काय वेगळी?"

शहनाजबी खाली मान घालून कणीक मळत म्हणाल्या, "साहेब, झाकनं मी लावीन. लेकराला पाटी द्या."

डॉक्टर दुसऱ्या दिवशी भेटले. एका दवाखान्याच्या माडीवरची खोली. ते निलूशी जमिनीवर बसून तासभर खेळले. मग मला विचारलं, "भूकंपाच्या आधी कशी होती ही?"

मला हवा असलेला कागद एका वाक्यावर मिळणार होता. चांगली होती, बोलत होती, एवढंच म्हणायचं. पण कालपासून माझ्या डोक्यात विजयाचं एक पत्र घोळत होतं. भूकंपाच्या चार महिने आधी तिनं लिहिलं होतं, 'ताई, निलू हाक मारली तर बघत नाही. कान तपासले, चांगले आहेत. दिवसभर बांगड्या ओळीनं मांडते, एक हलवली तर आकांत करते. सासूबाई म्हणतात तुझ्याच पोटचा दोष. तू पुस्तकांत राहतेस, कुठे काही लिहिलंय का बघशील?' मी उत्तर लिहिलं होतं, 'उगाच काळजी करतेस.' मी काहीही पाहिलं नव्हतं. पुढे ती गेली आणि मी तो प्रश्नही तिच्यासोबत पुरला. भूकंपानं तिची मुलगी अबोल केली असं म्हणणं मला सोपं होतं. माझ्या उत्तराची आठवण त्याखाली दडत होती.

मी पत्रातलं सगळं डॉक्टरांना सांगितलं.

"ही भीती नाही," ते म्हणाले. "याला ऑटिझम म्हणतात, मराठीत स्वमग्नता. जन्मापासूनची घडण आहे. कुणाच्या दोषानं होत नाही. तुम्ही इतकी वर्षं काय केलंत?"

"भीती जाण्याची वाट पाहिली. तिच्यासमोर घराचा विषय काढायचा नाही, तिला जोर करायचा नाही, असं पहिला कागद देणाऱ्या डॉक्टरांनी सांगितलं होतं."

"वाट पाहू नका. शिकवायला लागा. ही डोळ्यांनी शिकेल. चित्रं दाखवा, क्रम ठरवून द्या, पुढे काय होणार ते आधी सांगा. डबे लावता येतात ना, तिथून आकडे सुरू करा." त्यांनी कागद लिहिला, 'नेहमीच्या वर्गात बसू शकते' असंही स्वच्छ लिहिलं, आणि सही केली.

परतीच्या गाडीत मी अहमदपूर, लोहा अशी गावं येण्याआधी त्यांची नावं चिठ्ठ्यांवर लिहून निलूच्या हातात दिली. गाव गेलं की ती ती चिठ्ठी खाली ठेवी. नांदेड येईपर्यंत ती एकदाही रडली नाही. सात वर्षांत असा प्रवास झाला नव्हता. मला आनंद व्हायला हवा होता. झाला तो संताप. चार चिठ्ठ्यांचं काम होतं.

सोमवारी मुख्याध्यापकांनी कागद दोनदा वाचला.

"बाई, हे काय आणलंत? भूकंपग्रस्त म्हणून आपण सांभाळून घेत होतो. सगळ्यांना सहानुभूती होती. हे तर जन्माचंच निघालं."

"मूल तेच आहे, सर. काल होतं तेच."

"ते खरं. पण भूकंपाचं असतं तर कधीतरी बरी झाली असती. बाकीचे पालक काय म्हणतील? तुकडीचा निकाल आहे." मग त्यांनी आवाज खाली आणला. "तुम्ही जुनाच मजकूर लिहून आणला असता तर बरं झालं असतं."

विजयाला मी एकदा खोटं उत्तर दिलं होतं. दुसऱ्यांदा दिलं नाही. जूनमध्ये निलूचं नाव पटावरून गेलं.

याला तीन वर्षं झाली. निलू तेरा वर्षांची आहे. सकाळी मी तिला शिकवते. ती वाचते, लिहिते, भागाकारापर्यंत आली आहे. जुन्या पुस्तकांची सुटी झालेली पानं ती कडांवरच्या डागांवरून जुळवते, आणि मी ते कुणाला चमत्कार म्हणून दाखवत नाही. तीन शाळांना अर्ज केले. दोन शाळांनी उत्तर दिलं नाही, एकीनं सोय नसल्याचं कळवलं. चौथा अर्ज मी काल टाकला. आज तिचं नाव कुठल्याच शाळेच्या पटावर नाही.