पाण्यात उतरणारं हेलिकॉप्टर

माझा धाकटा भाऊ नौदलात हेलिकॉप्टर चालवायचा, हे आमच्या गावाच्या पचनी कधी पडलं नाही. नेव्ही म्हणजे बोट, एवढं सापगावपासून डोळखांबपर्यंत सगळ्यांना पक्कं ठाऊक. मग हेलिकॉप्टर कशाला? आई तर सुरुवातीला काळजीने धड जेवायचीसुद्धा नाही. शेवटी एका सुट्टीत त्याने तिला ठोकून दिलं, "आये, आमचं हेलिकॉप्टर नेव्हीचं हाय. पाण्यातच उतरतं. बंद पडलं तरी तरंगत ऱ्हातं." आईने मान डोलावली आणि तिची काळजी मिटली. निदान आम्हा दोघांना तसं वाटलं.

पुढे तो चढत गेला. वैमानिक, मग तुकडीचा प्रमुख, मग अख्ख्या तळावरच्या उड्डाणांची जबाबदारी. हुद्दा वाढला की हा टेबलामागे बसेल, असं मी धरून चालले होते. कसला बसतोय. "नव्या पोरांना समुद्रावर पाठवायचं नि आपण खुर्ची उबवायची, जमत नाय आपल्याला," म्हणायचा. मी चिडायचे. मोठ्या बहिणीला चिडण्यापलीकडे काय करता येतं?

गेल्या वर्षी भात कापणीला आलं होतं, तेव्हा एका दुपारी भावजयीचा फोन आला. "ताई, यांचं हेलिकॉप्टर समुद्रात पडलंय. चौघं होते. शोध चालू आहे." एवढंच बोलून तिने फोन ठेवला. ओट्यावर आई नाचणी पाखडत होती. कोण होतं, म्हणून तिने विचारलं. 'पडलंय' हा शब्द माझ्या तोंडून निघेना. "त्याचं हेलिकॉप्टर पाण्यात उतरलंय," मी म्हणाले.

"मंग बरं झालं," आई म्हणाली आणि पाखडत राहिली.

बातमी टीव्हीवर आली असावी, उन्हं कलायच्या आत माणसं यायला लागली. आधी शेजारचे, मग तानशाकडचे नातेवाईक, एरवी लग्नाशिवाय न फिरकणारे. कोणी काही विचारत नव्हतं. चपला काढून अंगणात नुसते बसत होते. मला त्यांचा संताप येत होता. कोणी सांगितलं यांना, की सगळं संपलं? आई मात्र येईल त्याला सांगत होती, "पाण्यात उतरलाय तो. येल." माणसं माना खाली घालत. तेवढ्यात शेजारीण मागच्या दाराने आली आणि माझ्या कानाशी पुटपुटली, "आज चूल पेटवू नको गो. आमच्याकडना पिठलं-भात आनते."

परत फोन वाजला. मी उचलायच्या आधी आईने सूप खाली ठेवलं.

"तरंगत नाय ना गो ते?" ती म्हणाली. "मला तवाच ठाव होतं. मी हो म्हनले की त्याला निवांत वाटायचं, म्हनून हो म्हनले. तुला पन तेच. आता उचल, नि काय ते खरं सांग मला."

भावजय म्हणाली, तिघं जिवंत सापडले. त्यांना आधी बाहेर काढलं यांनी. हे राहिले.

मी आईजवळ जाऊन बसले आणि तिला तसंच्या तसं सांगितलं.