पाणी मारुतीच्या कमरेपर्यंत

पूरकर एका जागी बसलेत असं मी क्वचितच पाहिलं. आभाळ भरून आलं की त्यांच्या पायाला भिंगरी लागायची. आमच्या गार्डन रीचच्या क्वार्टरमध्ये चहाचा कप हातात घेऊन ते खिडकी ते दार, दार ते खिडकी येरझाऱ्या घालायचे आणि माझ्या नुकत्याच पुसलेल्या फरशीवर चहा सांडायचे. पाऊस कलकत्त्यात, काळजी नाशिकची.

त्यांचं खरं आडनाव निराळं होतं. गोदावरीच्या पुरांचा इतिहास लिहिण्याचं खूळ त्यांच्या डोक्यात होतं, म्हणून आम्हा मूठभर मराठी बिऱ्हाडांनी त्यांना पूरकर करून टाकलं. खिदिरपूरला एका जहाज कंपनीत ते भरती-ओहोटीची वेळापत्रकं करत. एका मिनिटाची चूक सापडली तर अख्खा तक्ता फाडून नव्याने लिहीत. पण हुगळीचं त्यांना काडीचं कौतुक नव्हतं. "ही नदी नोकरदार आहे हो. वेळेवर येते, वेळेवर जाते. आमची गोदामाई लहरी!"

नाशिकला पूर फुटांत सांगत नाहीत. नदीच्या पात्रात दुतोंड्या मारुतीची उंच मूर्ती आहे. पाणी मारुतीच्या गुडघ्याला लागलं, कमरेला आलं, गळ्याशी आलं, अशी तिथली भाषा. मूर्ती नव्हती तेव्हाची माणसं सरकारवाड्याच्या पायऱ्या मोजत. पूरकरांनी त्या पायऱ्यांचा आणि मारुतीच्या अंगाचा मेळ घालून म्हाताऱ्याकोताऱ्यांच्या हकिकती एका जाड वहीत उतरवल्या होत्या. रविवारी जेवायला आले की वरणभात निवेपर्यंत वाचून दाखवायचे. आमचे हे मान डोलवत ऐकायचे. मला मात्र कंटाळा यायचा, हे कबूल करते.

वहीतला अलीकडचा भाग त्यांच्या आईच्या पोस्टकार्डांवरून लिहिलेला. आई नाशिकला नदीकाठच्या गल्लीत एकटीच राहायची. "कलकत्त्यात माझ्याशी बोलणार कोण?" म्हणून इकडे यायला तयार नव्हती. लेकाने तिला एक नियम घालून दिला होता: पाणी मारुतीच्या छातीला लागलं की घर सोडायचं आणि उंचावर राहणाऱ्या मावशीकडे जायचं. तशी वेळ कधी आलीच नाही. दर पावसाळ्यात कार्ड यायचं, "पाणी कमरेपर्यंत. काळजी नसावी." ते वाचलं की पूरकर पोटभर जेवायचे.

एकदा मी म्हटलं, "पण टपालाने आलेल्या पेपरात तर नाशिकच्या बाजारात होड्या फिरल्या असं आहे."

ते उसळलेच. "वहिनी, पेपरवाले ऐकीव लिहितात. ही प्रत्यक्ष पाहणी आहे!"

मग एका वर्षी कार्डच आलं नाही. आठ दिवस झाले, दहा झाले. पूरकरांनी रजा मागितली, तर ऐन पावसाळ्यात जहाजं सोडून जाता येणार नाही, असं बडोबाबूंनी, म्हणजे त्यांच्या हेडक्लार्कने सांगितलं. मी म्हटलं, "रजा गेली खड्ड्यात, तुम्ही निघा."

"आईला छातीचा नियम ठाऊक आहे," ते म्हणाले. पण आवाजात जोर नव्हता. त्या दिवशी कपातला चहा तसाच गार झाला.

दुसऱ्या दिवशी शेजाऱ्यांची इंग्रजीत तार आली, कचेरीच्या पत्त्यावर: मारुती बुडाला, ताबडतोब या. बडोबाबूंनी ती आधी वाचली. धावत येऊन त्यांनी पूरकरांचे दोन्ही हात धरले.

"आहा रे! मारुती आपका छोटा भाई था?"

खोटं बोलायचं तर या गृहस्थांना कुठे जमतंय! म्हणाले, "नहीं बाबू, हमारा हनुमानजी."

दुःखाने माणूस भ्रमिष्ट झाला, असं बडोबाबूंना वाटलं. त्यांनी पंधरा दिवसांची रजा दिली आणि स्वतः टॅक्सी बोलावून त्यांना हावड्याला पोचवलं.

पूरकर परतले ते आईला घेऊनच. म्हातारीच्या हाताला प्लास्टर होतं. पाणी घरात शिरल्यावर ती माळ्यावर चढून बसली होती आणि शेजाऱ्यांनी कौलं काढून तिला वर ओढलं होतं. माझ्या स्वयंपाकघरात बसून, एका हाताने लसूण निवडता निवडता, ती सहज बोलून गेली, "अगं, दरसाल गळ्याशीच यायचं की! एकदा तर नुसतं डोकं दिसत होतं."

"मग कमरेपर्यंत का लिहायचीस?" पूरकर दारातून ओरडले.

"कंबर लिहिली की तू दोन घास सुखाने खाशील, म्हणून. घर सोडलं असतं तर तुला कळलं असतं. नोकरी टाकून धावत आला असतास."

"आणि मी ते शाईने लिहीत गेलो," एवढंच ते म्हणाले. मला त्यांच्याकडे बघवेना.

आई खिदिरपूरला दोन वर्षं राहिली. बंगाली शेजारणींशी बिनदिक्कत मराठीत बोलायची आणि त्यांना ते कळायचं. एका हिवाळ्यात ती तिथेच वारली. पुढे आमची बदली झाली.

हावड्याला निरोप द्यायला पूरकर आले होते. फलाटावरही त्यांच्या येरझाऱ्या चालूच. गाडी सुटायला थोडा वेळ होता, म्हणून मी विचारलं, "वहीतल्या त्या नोंदी दुरुस्त केल्यात ना?"

"खऱ्या नोंदी मिळवल्या. मागच्या पानांवर लिहून ठेवल्यात."

"आणि आधीच्या?"

ते पहिल्यांदाच थांबले. खिडकीचा गज धरून म्हणाले, "त्या खोडवत नाहीत, वहिनी. म्हातारी माझ्यासाठी दरसाल एवढं पाणी उतरवत होती. आणि मी इथे बसून ते मोजत होतो. आणायला गेलो नाही."